परवानगी वेगळी, सल्ला वेगळा

फिलिपिनो विनोदी चित्रपटांत पोरं आईबापांना चुकवून पळून जातात. तिकडे याला ‘तानान’ म्हणतात. बघताना वाटतं, अडचण काय ती बापाच्या रागाची. पण लग्नाचा परवाना काढायचा तर पुढे नगरपालिकेचं नोंदणी कार्यालयही असतं. १९८८ पासून लागू असलेला तिथला कुटुंब कायदा वय बघून आईवडिलांचे दोन वेगळे कागद मागतो, आणि हे दोन्ही सर्रास एकच समजले जातात.

१८ ते २१ वयाला लागते ती परवानगी, तीही लेखी. वडील किंवा आई स्वतः अधिकाऱ्यापुढे हजर राहतात, नाहीतर दोन साक्षीदारांसमोर प्रतिज्ञापत्र करतात. ती नसताना लग्न उरकलंच, तर ते आपोआप रद्द होत नाही, पण रद्द करून मागता येतं. मूल २१ चं होईपर्यंत आईवडील कोर्टात जाऊ शकतात. मुलाला स्वतःला त्यानंतर ५ वर्षं मिळतात. मात्र २१ नंतर जोडपं राजीखुशीने एकत्र राहिलं की हा मुद्दा संपला. मुस्लिम सोडून इतरांना तिथे घटस्फोटाची सोय नाही, म्हणून या पळवाटेला फार किंमत.

२१ ते २५ वयाला फक्त सल्ला विचारावा लागतो. तो विचारल्याचं शपथपत्र जोडायचं, सल्ला लेखी मिळाला असेल तर तोही. नकार आला तरी लग्न अडत नाही, लांबतं. अर्जाची नोटीस कार्यालयाबाहेरच्या फलकावर सलग १० दिवस लागते आणि ती मुदत संपल्यावर पुढे ३ महिने परवाना मिळत नाही. (आपल्याकडे विशेष विवाह कायद्याची ३० दिवसांची नोटीस ज्यांनी अनुभवली, त्यांना हा फलक ओळखीचा वाटेल.) घोळ होतो तो इथेच: लोक तीन महिने अर्जाच्या तारखेपासून मोजतात आणि हॉल आधीच ठरवून बसतात.

शिवाय वय दोघांचं वेगवेगळं धरायचं. मुलगा २३, मुलगी २० असेल तर त्याच्या घरून सल्ला, तिच्या घरून परवानगी. ‘पामामानहिकान’ला, म्हणजे मुलाकडचे खाण्याचे डबे घेऊन मुलीच्या घरी मागणी घालायला जातात तेव्हा, मिळालेला तोंडी होकार या कार्यालयात चालत नाही.

म्हणून पडद्यावर बावीस वर्षांच्या नायिकेचा बाप तणतणत सल्ल्याचा कागद फाडतो, तेव्हा तिने रडायचं कारण नाही. सल्ला द्यायला नकार मिळाला, एवढं शपथपत्रात लिहायचं आणि कॅलेंडर बघायचं.