मिथ्रिल

मिथ्रिल हा जे. आर. आर. टोल्किन यांच्या मिडल-अर्थ या कल्पित जगातला एक अतिदुर्मिळ धातू. दिसायला चांदीसारखा, वजनाला एकदम हलका आणि तरी पाणी दिलेल्या पोलादापेक्षा टणक. 'मिथ' म्हणजे राखाडी आणि 'रिल' म्हणजे चकाकी, असं हे एल्फ या अमर लोकांच्या सिंडारिन भाषेतलं नाव. मोरियाची चांदी किंवा खरी चांदी असंही म्हणतात. डोंगराखाली खाणी खणणाऱ्या बुटक्या ड्वार्फ लोकांचं त्याला स्वतःचं वेगळं नाव आहे, पण ते कोणाला सांगत नाहीत, आणि ड्वार्फ म्हटल्यावर त्यात नवल काही नाही, ही मंडळी स्वतःचं खरं नाव थडग्यावरसुद्धा कोरत नाहीत.

सगळीकडे याला 'जादूचा धातू' म्हणून टाकतात, पण मूळ कथेत बघितलं तर मिथ्रिल स्वतःहून काहीच करत नाही. परीस कसा, नुसता लोखंडाला लावला की काम झालं, तसलं इथे काही नाही. याला खणायला लागतं, ठोकायला लागतं, आणि घडवणारा हात तसा पाहिजे. ठोकलं की तांब्यासारखं पसरतं, घासलं की काचेसारखं चकाकतं आणि कितीही वर्षं गेली तरी काळं पडत नाही. आपली चांदी हवेतल्या गंधकाच्या संयुगांनी काळवंडते, त्यामुळे दर दिवाळीला निरांजन टूथपावडरने घासत बसलेल्या माणसाला एवढा एक गुण पण जादूच वाटेल म्हणा.

मिथ्रिलची प्रसिद्ध खाण म्हणजे धुक्याच्या डोंगररांगेखालचं ड्वार्फांचं शहर खझाद-दूम, ज्याला नंतर मोरिया म्हणायला लागले, अर्थ काळी खाई. ड्वार्फांचं राज्य मोठं झालं ते सोन्यावर किंवा हिऱ्यामाणकांवर नाही तर या धातूवर, कारण सोनंनाणं काय, त्यांना दुसरीकडेही मिळत होतं. कथेतल्या दुसऱ्या युगाच्या ७५० च्या सुमारास नोल्डोर कुळातले एल्फ शेजारच्याच एरेगियन प्रांतात येऊन राहिले त्यामागेही खाणीत मिथ्रिल सापडल्याची बातमी होती, आणि एरवी एकमेकांकडे संशयाने बघणाऱ्या या दोन जमातींची इथे जी गट्टी जमली तशी पुन्हा कधी जमली नाही. मोरियाचा पश्चिमेकडचा दरवाजा याच दोस्तीतला, बांधला नार्वी नावाच्या ड्वार्फाने आणि त्यावरची अक्षरं काढली केलेब्रिंबॉर या एल्फने, तीही इथिल्दिनमध्ये. इथिल्दिन हा मिथ्रिलपासून बनवलेला पदार्थ, फक्त ताऱ्यांच्या नाहीतर चंद्राच्या उजेडात दिसतो, आणि तेव्हाही जुने विसरलेले शब्द म्हणत हात लावला तरच. म्हणजे जादू शोधायचीच असेल तर इथे आहे, पण ती धातूत कमी आणि कारागिरात जास्त.

मग झालं ते 'अति तिथे माती', आणि इथे तर अगदी शब्दशः. धातूची शीर उत्तरेला काराद्रास डोंगराच्या बाजूला आणि खाली अंधारात जात होती, ड्वार्फ तिच्या मागे मागे खोल खणत गेले आणि तिसऱ्या युगाच्या १९८० साली खाली लपलेला बालरोग (आगीचा आणि सावलीचा राक्षस, आजार नव्हे!) जागा झाला. त्याने राजा सहाव्या दुरिनला मारलं, पुढच्याच वर्षी त्याचा मुलगा नाईन गेला आणि उरलेले शहर सोडून पळाले. खाण बंद. आधी सोन्याच्या दहापट असलेला भाव त्यानंतर लावताच येईना, कारण वर आलेला बराचसा माल ऑर्क या राक्षसी टोळ्यांनी गोळा करून सॉरॉन या मुख्य खलनायकाला नजराणा म्हणून पोचवला आणि खाली उतरून नवीन काढायची ऑर्कांचीही हिंमत नव्हती.

सगळ्यात नावाजलेली वस्तू अर्थात 'द हॉबिट'चा नायक बिल्बो याचं चिलखत. बारीक कड्यांचा सदराच तो, कोण्या एल्फ राजकुमारासाठी पूर्वी कधीतरी केलेला, ड्वार्फांचा राजा थोरिन याने बिल्बोला दिला. गंमत म्हणजे १९३७ च्या 'द हॉबिट'मध्ये मिथ्रिल हा शब्दच नव्हता, तिथे नुसतं चांदीचा मुलामा दिलेलं पोलाद होतं. शब्द आला 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मध्ये (१९५४-५५) आणि मग १९६६ च्या सुधारित आवृत्तीत मागे जाऊन 'हॉबिट'मध्येही घातला. बिल्बोने हा सदरा शायर या हॉबिट लोकांच्या मुलखातल्या म्युझियममध्ये धूळ खात ठेवला होता, आणि जादूगार गँडाल्फच्या हिशोबाने त्या एकट्या सदऱ्याची किंमत अख्ख्या शायरपेक्षा, त्यातल्या सगळ्या चीजवस्तू धरून, जास्त होती, हे बिल्बोला त्याने कधी बोलून दाखवलं नाही. पुढे बिल्बोचा वारस फ्रोडो तो कपड्यांच्या आत घालून फिरला. मोरियात ऑर्कांच्या म्होरक्याचा भाला लागूनही वाचला (मुका मार मात्र चांगलाच बसला, चिलखत भोक पडू देत नाही, दणका थांबवत नाही). नंतर हा सदरा शत्रूच्या हाती गेला, सॉरॉनच्या मुलखाच्या काळ्या दरवाज्यासमोर फ्रोडो पकडला गेल्याचा पुरावा म्हणून नाचवला गेला, परत मिळाला, आणि शेवटी फ्रोडोच्या घरच्या दारात सारुमान या फितुर जादूगाराने खुपसलेला सुरा त्याच्यावरच मोडला.

बाकी गॅलाड्रिएल या एल्फ स्त्रीची नेन्या अंगठी मिथ्रिलची, मिनास तिरिथ या माणसांच्या शहरातल्या गडरक्षकांची शिरस्त्राणं मिथ्रिलची, आणि सॉरॉनशी झालेल्या युद्धानंतर त्या शहराचा फुटलेला दरवाजा फ्रोडोचा ड्वार्फ सोबती गिम्ली याच्या लोकांनी मिथ्रिल आणि पोलाद मिळून नवीन केला.

खऱ्या जगात जवळचं काय म्हणाल तर लोक टायटेनियमचं नाव घेतात, पोलादापेक्षा साधारण चाळीस-पंचेचाळीस टक्के हलकं आणि गंजत नाही. पण ते तांब्यासारखं ठोकून बघा म्हणजे कळेल.

२०२२ च्या 'द रिंग्ज ऑफ पॉवर' या वेब सिरीजने मिथ्रिलला वेगळीच जन्मकथा दिली, झाडावर वीज पडली आणि त्यातला पवित्र उजेड डोंगरात उतरला वगैरे, आणि एल्फांना जगायलाच तो लागतो असं केलं. टोल्किनच्या लिखाणात यातलं काही नाही आणि मला तरी ते पटलं नाही, इतकी कमाल कारागिरी असताना वरून चमत्कार कशाला. गेमवाल्यांनी शब्द घेतला पण स्पेलिंग बदलून, 'मिथ्राल', 'मायथ्रिल' असं काय काय. रुनस्केप या गेममध्ये तर तो निळसर रंगाचा आहे आणि पोलादाच्या वर पण अ‍ॅडमंट आणि रून या दोन धातूंच्या खाली, म्हणजे अख्ख्या शायरपेक्षा महाग असलेला धातू तिथे थोडी लेव्हल वाढली की पोरं विकून टाकतात.