वाढीव मोबदल्याचे दावे

सरकारने धरण, रस्ता, वसाहत अशा कामासाठी सक्तीने घेतलेल्या जमिनीची भरपाई कमी वाटल्यास जमीनमालकाने न्यायालयात केलेली मागणी. ४४व्या घटनादुरुस्तीने (१९७८) मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून गेला आणि अनुच्छेद ३००-अ पुरता, म्हणजे साधा कायदेशीर हक्क म्हणून, उरला. तेव्हापासून संपादनच रद्द करून घेणे आणखी अवघड झाले. बहुतेक भांडण दराचेच असते.

१८९४च्या भूसंपादन कायद्याखाली भूसंपादन अधिकारी निवाडा जाहीर करी. ‘हरकत राखून’ रक्कम उचलायची आणि प्रकरण न्यायालयाकडे पाठवावे म्हणून कलम १८ खाली अर्ज करायचा, ही खेड्यापाड्यांतली रूढ वाट. निवाड्याच्या वेळी हजर असलेल्याला त्यासाठी सहाच आठवडे मिळत. मुदत हुकली की दावा गेला. निवाडा हा न्यायनिर्णय नसून सरकारने देऊ केलेली किंमत आहे, त्यामुळे न्यायालयात ती कमी असल्याचे मालकानेच वादीप्रमाणे सिद्ध करायचे, असे सर्वोच्च न्यायालयाने पुण्याच्या जमिनीबाबतच्या चिमणलाल हरगोविंददास खटल्यात (१९८८) स्पष्ट केले. १९८४च्या दुरुस्तीनंतर न्यायालय निवाड्याच्या रकमेखाली जाऊ शकत नसे. दाव्यांची गर्दी वाढण्यामागे हेही एक कारण असावे.

खरी लढाई खरेदीखतांवर होते. अधिसूचनेच्या (जमीन घेण्याच्या सरकारी जाहिरातीच्या) सुमारास शेजारचे गट कोणत्या भावाने विकले गेले, हा मुख्य पुरावा. त्यात रस्त्याला लागून असणे, गावठाणाजवळ असणे या जमेच्या बाजू. खोलगट किंवा वेडावाकडा तुकडा ही वजावट. दोन-चार गुंठ्यांच्या प्लॉटचा दर मोठ्या शेताला लावताना रस्ते-गटारांपोटी बरेचदा एक तृतीयांशापर्यंत कपात होते. येथे एक जुनी सवय अंगाशी येते: मुद्रांक शुल्क वाचवायला खतात भाव कमी दाखवलेला असतो, आणि पुढे तेच खत शेजाऱ्याच्या दाव्यात सरकारचा वकील पुढे करतो. टेबलाखालून दिलेली रक्कम कोर्टात सांगता येत नाही. विहीर, पाइपलाइन, फळझाडांचे पैसे वेगळे मागता येतात. मात्र बागेची किंमत उत्पन्नावरून काढली, तर त्याच जमिनीचा दर पुन्हा मिळत नाही. प्रकल्प येणार म्हणून चढलेला भावही धरला जात नाही.

जुन्या कायद्यात बाजारभावावर ३० टक्के दिलासा रक्कम (सक्तीने जमीन गेल्याबद्दलची जादा भरपाई), अधिसूचनेपासून निवाडा किंवा ताबा यांपैकी जे आधी होईल तोवर वार्षिक १२ टक्के, आणि वाढीव रकमेवर ताब्यापासून पहिले वर्ष ९ व पुढे १५ टक्के व्याज होते. या दराने आठव्या वर्षी व्याज मुदलाच्या पुढे जाते. दिलासा रकमेवरही व्याज द्यावे, असे ‘सुंदर विरुद्ध भारत सरकार’ खटल्यात (२००१) ठरले. अपिले लांबवणे सरकारी तिजोरीलाच महाग पडते, तरी ती लांबतातच. हुकूम होऊनही पैसे आले नाहीत की मालक दरखास्त (हुकमाच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल करतो, आणि बेलीफ जप्तीचे वॉरंट घेऊन सरकारी कचेरीत येतो. खुर्च्या, संगणक, प्रसंगी साहेबांची गाडी जप्तीला निघाली की मुदत मागितली जाते.

दावा न करणाऱ्या शेजाऱ्यालाही कलम २८-अ ने वाट दिली. त्याच अधिसूचनेतील कोणाला न्यायालयाने वाढ दिली, तर त्या निकालापासून तीन महिन्यांत अर्ज करून तोच दर मागता येई.

१ जानेवारी २०१४ पासून लागू झालेल्या नव्या कायद्यात ग्रामीण जमिनीच्या बाजारभावाला १ ते २ यांमधील गुणक लागतो व त्यावर १०० टक्के दिलासा रक्कम मिळते. गुणक २ असेल तर १० लाखांच्या जमिनीचे ४० लाख होतात. मूळ बाजारभाव मात्र अधिकारीच ठरवतो, म्हणून वाद संपले नाहीत. ते कलम ६४ खाली प्राधिकरणाकडे जातात. राष्ट्रीय महामार्गांची तऱ्हा निराळी: तेथे केंद्राने नेमलेला लवाद रक्कम ठरवतो. महामार्ग कायद्याच्या १९९७च्या दुरुस्तीने या मालकांची दिलासा रक्कम व व्याज काढून घेतले होते. तरसेम सिंग निकालाने (२०१९) ते परत मिळाले.