परावर्ती स्वरयंत्र तंत्रिका

प्राणेशा (दहाव्या मस्तिष्क) तंत्रिकेची (मज्जातंतूची) शाखा. वलय-अवटू स्नायू (स्वरयंत्राच्या दोन कूर्चांना जोडणारा) वगळता स्वरयंत्राचे सर्व अंतःस्थ स्नायू हिच्यावर चालतात. प्राणेशा स्वरयंत्राच्या शेजारूनच खाली उतरते. ही शाखा मात्र तिथे न फुटता बरीच खाली फुटते आणि वळसा घेऊन पुन्हा गळ्यात चढते. डावी शाखा छातीत महारोहिणीच्या (हृदयातून निघणाऱ्या मुख्य रोहिणीच्या) कमानीखालून वळते, तर उजवी मानेच्या तळाशी अधोजत्रु (गळपट्टीच्या हाडाखालच्या) रोहिणीखालून. पुढे दोन्ही श्वासनाल व अन्ननलिका यांमधल्या खोबणीतून वर येतात. पूर्ण वाढलेल्या जिराफात डावी शाखा ४ मी.हून अधिक लांब भरते.

उगम : माशांत प्राणेशेच्या शाखा क्लोमचापांच्या (कल्ल्यांच्या कमानींच्या) रोहिण्यांमागून थेट क्लोमांकडे (कल्ल्यांकडे) जातात व हृदयही तिथेच असते, त्यामुळे वळसा पडत नाही. पुढे उत्क्रांतीत मान लांबली, हृदय छातीत सरकले आणि सहाव्या चापाच्या रोहिणीमागे अडकलेली शाखा तिच्यासोबत खाली ओढली गेली. सस्तन प्राण्यांच्या भ्रूणात डावीकडे ही रोहिणी जन्मापर्यंत टिकते व नंतर तिचा अस्थिबंध (तंतुमय पट्टा) होतो. उजवीकडे तिचा दूरचा भाग नाहीसा होतो, म्हणून तंत्रिका वर सरकून चौथ्या चापाच्या रोहिणीला, म्हणजे भावी अधोजत्रु रोहिणीला, अडते. मधली पाचवी जोडी सस्तन प्राण्यांत खरोखर तयार होते का, याबद्दल भ्रूणवैज्ञानिकांत मतभेद आहेत. ती तयार होत नाही किंवा अत्यल्पकाळ टिकते, असे मानण्याकडे अलीकडे कल दिसतो.

वाटेत ही तंत्रिका श्वासनाल, अन्ननलिका व हृदयजालिका (हृदयाजवळचे तंत्रिकांचे जाळे) यांना तंतू देते, म्हणून वळसा उपयुक्तच आहे, असे एक मत आहे. ते पटण्यासारखे नाही. सु. ०.५ ते १ टक्का माणसांत उजवी अधोजत्रु रोहिणी महारोहिणीच्या कमानीचा शेवटचा फाटा म्हणून निघते. अशा वेळी उजवी तंत्रिका न वळता मानेतूनच थेट स्वरयंत्रात शिरते आणि आवाजात काही उणे राहत नाही.

इजा : तंत्रिका एका बाजूची दुखावल्यास आवाज बसतो, पाणी पिताना ठसका लागतो. दोन्हीकडच्या दुखावल्यास स्वरतंतू मध्यरेषेजवळ स्थिरावतात, श्वास कोंडतो व श्वासनालछेद (श्वासासाठी श्वासनालाला छिद्र पाडणे) करावा लागू शकतो. अवटू ग्रंथीच्या (थायरॉइडच्या) शस्त्रक्रियेत धोका सर्वाधिक असतो तो स्वरयंत्रात शिरण्यापूर्वीच्या शेवटच्या सु. २ सेंमी.त. तिथे ग्रंथी श्वासनालाला घट्ट बांधलेली असते. ती पुढे ओढली की तंत्रिकाही ताणली जाते. केवळ ताण बसला असेल तर आवाज बहुधा काही आठवड्यांत किंवा महिन्यांत परत येतो. तरी शस्त्रक्रियेत तंत्रिका टाळण्यापेक्षा ती आधी शोधून डोळ्यांसमोर ठेवणे श्रेयस्कर.

डावी शाखा छातीतून जात असल्याने फुप्फुसाचा कर्करोग किंवा महारोहिणीचा फुगार (भिंत फुगून आलेला फुगवटा) आवाज बसण्यातून प्रथम उघड होऊ शकतो. ऑस्ट्रियन वैद्य ऑर्टनर यांनी १८९७ मध्ये हृदयाची द्विदल झडप अरुंद झालेल्या रुग्णांत हे लक्षण नोंदवले व दोष फुगलेल्या डाव्या अलिंदाला (हृदयाच्या वरच्या कप्प्याला) दिला; फुगलेली फुप्फुस रोहिणी तंत्रिकेला महारोहिणीवर दाबते, हे नंतरचे स्पष्टीकरण अधिक ग्राह्य वाटते.

उंच घोड्यांत डावी तंत्रिका टोकाकडून झिजते व दौडताना श्वास घेतेवेळी घरघर ऐकू येते. उपाय म्हणून स्वरयंत्राची ढिली पडलेली कूर्चा टाक्याने मागे ओढून बांधतात. टाका फार ताणला तर चारा श्वासनालात जाऊन घोडा खोकत राहतो.