चित्रगुप्त

चित्रगुप्त : यमाच्या दरबारातील लेखक. प्राणिमात्राच्या पापपुण्याची नोंद ठेवायची आणि जीव यमापुढे उभा राहिला की ती वाचून दाखवायची, हे त्याचे काम. त्याच्या नोंदवहीला संस्कृतात ‘अग्रसंधानी’ असा शब्द आहे. मराठीत नुसते ‘चित्रगुप्ताची वही’ म्हटले की भागते. इतर देवांच्या चरित्रांत असतात तशी युद्धे, शाप, रुसवेफुगवे याच्या वाट्याला जवळजवळ आलेले नाहीत. जन्मकथा आहे, दोन लग्ने आणि बारा मुलगे आहेत. बाकी सारे आयुष्य कचेरीत.

जन्मकथा अशी : जीवांची संख्या वाढली तशी कोणाच्या पदरी काय टाकायचे याचा यमाला मेळ लागेना. त्याने ब्रह्मदेवाकडे गाऱ्हाणे नेले. ब्रह्मदेव दीर्घकाळ समाधीत बसला आणि डोळे उघडले तेव्हा समोर हातात लेखणी आणि दौत घेतलेला पुरुष उभा होता. तो ब्रह्मदेवाच्या कायेतून निघाला म्हणून ‘कायस्थ’. ही व्युत्पत्ती कथेपुरतीच घ्यावी. कथेच्या आधीही ‘चित्रगुप्त’ या नावाला वेगळा इतिहास असावा असे वाटते, कारण नरकचतुर्दशीला करतात त्या यमतर्पणात यमाची 14 नावे येतात आणि त्यांतली शेवटची दोन ‘चित्र’ व ‘चित्रगुप्त’ अशी आहेत. म्हणजे तिथे तो यमाचा कारकून नसून स्वतः यमच आहे.

महाभारताच्या अनुशासनपर्वात चित्रगुप्ताचे मत म्हणून एक धर्मरहस्य येते : केलेले पुण्य किंवा पाप कधी नाहीसे होत नाही. त्याला जोडून पाणी, दिवा, वहाणा आणि छत्री यांचे दान सांगितले आहे. पुढच्या अंधाऱ्या, तापलेल्या वाटेवर नेमके लागेल तेच.

कचेरीचे सविस्तर वर्णन गरुडपुराणाच्या परंपरेत मिळते. यमनगरीत चित्रगुप्ताचे मंदिर 25 योजने पसरलेले, 10 योजने उंच, भोवती लोखंडी तट. आत शेकडो गल्ल्या, पताका, दिवे, गाणेबजावणे, भिंतींवर चित्रे. मध्ये मोत्यांच्या आसनावर बसून तो माणसांची आयुष्ये मोजतो. शेजार मात्र विलक्षण आहे : पूर्वेला ज्वराचे घर, उत्तरेला क्षय आणि पांडुरोग, ईशान्येला डोकेदुखी. नोंद संपली की रोग शेजारच्याच दारातून बाहेर पडणार, अशी ही रचना. त्याची लेखणी चुकत नाही असे पुराण सांगते. पण तो सर्वज्ञ आहे असे गृहीत धरत नाही. यम चित्रगुप्ताला विचारतो आणि चित्रगुप्त श्रवणांना विचारतो. हे श्रवण ब्रह्मदेवाचे पुत्र. ते तिन्ही लोकांत हिंडतात, दूरचे ऐकतात, दूरचे पाहतात. बायकांच्या गोष्टी त्यांच्या श्रवणी नावाच्या पत्नी टिपतात. दप्तर एका हाती असले तरी साक्षी वेगळ्या ठेवल्या आहेत, हा बारकावा लक्षात घेण्याजोगा आहे.

हा बारकावा कुठून आला असावा, याचा अंदाज पृथ्वीवरच्या कायस्थांकडे पाहून बांधता येतो. याज्ञवल्क्यस्मृती राजाला सांगते की ठग, चोर, दरोडेखोर यांच्यापासून प्रजेचे रक्षण कर, आणि कायस्थांपासून तर विशेषेकरून. इथे कायस्थ म्हणजे सरकारी लेखक, हिशेबनीस. ज्याच्या हाती कागद त्याच्या हाती रयतेची मान, हा अनुभव जुनाच. लाच न घेणारा, खाडाखोड न करणारा लेखक मेल्यावर तरी भेटावा, अशी या कल्पनेमागची ओढ दिसते.

उत्तरेकडील कायस्थ घराणी स्वतःला चित्रगुप्ताच्या बारा पुत्रांचे वंशज मानतात : माथुर, भटनागर, सक्सेना, श्रीवास्तव, निगम वगैरे. यमद्वितीयेला, म्हणजे आपल्या भाऊबिजेलाच, त्यांच्याकडे कलम-दौतीची पूजा असते. दिवाळीत लेखणी बाजूला ठेवतात आणि पूजेनंतरच पुन्हा उचलतात. अनेक घरांत कोऱ्या कागदावर देवाचे नाव लिहून खाली वर्षाचा जमाखर्च मांडतात आणि तो देवापुढे ठेवतात. महाराष्ट्रातील चांद्रसेनीय कायस्थ प्रभूंची कुळकथा वेगळी आहे. त्यांचा मूळपुरुष चंद्रसेन राजा. परशुरामाच्या कोपातून त्याची गरोदर राणी दालभ्य ऋषींच्या आश्रयाने वाचली आणि पोटच्या मुलाला तलवारीऐवजी चित्रगुप्ताचा धर्म, म्हणजे लेखणी, देण्याचे ठरले. शिवाजी महाराजांचे चिटणीस बाळाजी आवजी याच समाजातले.

दक्षिणेत कांचीपुरमला चित्रगुप्ताचे स्वतंत्र देऊळ आहे. मूर्ती बसलेली, उजव्या हातात लेखणी, डाव्या हातात ताडपत्र. तमिळ चित्तिरै महिन्यातील पौर्णिमा ही त्याची तिथी. खजुराहोचे 11व्या शतकातील ‘चित्रगुप्त मंदिर’ मात्र नावाने फसवते. ते सूर्याचे देऊळ आहे. मराठी घरांत ग्रहयज्ञाच्या वेळी तो नकळत येऊन जातो, कारण केतूची अधिदेवता चित्रगुप्तच. यजमानाला बहुधा याचा पत्ता नसतो.

लोककथांना मात्र न चुकणारा लेखक फारसा मानवत नाही. एकाच नावाची दोन माणसे, दूतांनी भलत्यालाच उचलून आणलेले, चित्रगुप्त वही उघडतो, बापाचे नाव आणि गाव पडताळतो, ‘हा नव्हे’ म्हणतो आणि त्याला परत धाडतो. तोवर खाली चितेला अग्नी दिला गेला असेल, तर पुढची पंचाईत सोडवायला गोष्ट सांगणाऱ्यालाच काहीतरी योजावे लागते.