पॅरिश म्हणजे पंचायत की धर्मग्राम? ईम गावाच्या निमित्ताने

इंग्लंडच्या एखाद्या खेड्यात घर घेतलेल्या आपल्या माणसाच्या हाती कौन्सिल टॅक्सचं, म्हणजे तिथल्या घरपट्टीचं, पहिलं बिल पडतं, तेव्हा त्यातल्या एका ओळीशी तो अडखळतो. काउंटी कळली, डिस्ट्रिक्ट कळलं, पोलीस आणि अग्निशमन दलही कळलं; पण ही ‘पॅरिश’ कशाला? आपण चर्चला पैसे का द्यायचे? वसईत किंवा गोव्यात वाढलेल्याला तर हा प्रश्न पडणारच. तिथे पॅरिश म्हणजे चर्चचा परिसर, वसईकर ज्याला ‘धर्मग्राम’ म्हणतात तो.

बिलातली पॅरिश ती नव्हे. ती सरकारी पॅरिश, इंग्लंडमधल्या स्थानिक कारभाराची सगळ्यात खालची पायरी. चर्चची पॅरिश वेगळी आणि तिची समितीही वेगळी. घोळ असा की दोघींचं नाव एक, गाव बहुधा एक आणि कित्येकदा माणसंही तीच. 2021 च्या फेब्रुवारीत चेशरमधल्या हँडफोर्थ पॅरिश कौन्सिलच्या झूम बैठकीतलं भांडण जगभर फिरलं, तेव्हा आपल्याकडेही काहींना वाटलं की चर्चवाले भांडतायत. ती पंचायतीची सभा होती. आपल्या ग्रामसभा ज्यांनी पाहिल्या आहेत त्यांना त्यात नवल वाटलं नसेल.

हे एकाच गावावरून समजून घ्यायचं तर डर्बीशरमधलं ईम बरं. (लिहिताना ‘एयाम’ वाचावंसं वाटतं, पण उच्चार ईम.) पीक डिस्ट्रिक्टच्या डोंगराळ भागातलं लहानसं गाव. 1665 च्या ऑगस्टअखेर तिथल्या शिंप्याकडे लंडनहून कापडाचा गठ्ठा आला, आणि त्यातल्या पिसवांबरोबर प्लेगही आला असं सांगतात. शिंप्याकडे काम करणारा जॉर्ज विकर्स सप्टेंबरात पहिला दगावला. हिवाळ्यात साथ जरा ओसरली आणि पुढच्या उन्हाळ्यात पुन्हा उसळली.

गावाचा धर्मगुरू विल्यम मॉम्पेसन तरुण होता आणि नव्याने आलेला. त्याचं पद ‘रेक्टर’. हा शब्द ऐकून आपल्याला वसतिगृहाचे रेक्टर आठवतात, पण इथे अर्थ त्या चर्चचा मुख्य धर्मगुरू एवढाच. मॉम्पेसनवर गावातल्या अनेकांचा भरवसा नव्हता. त्यांचा ओढा आधीच्या धर्मगुरूकडे, थॉमस स्टॅन्लीकडे होता. राजेशाही परत आल्यावर बदललेले चर्चचे नियम न मानल्याने स्टॅन्लीची जागा गेली होती, तरी तो गावातच होता. 1666 च्या जूनमध्ये हे दोघे एकत्र आले आणि गावापुढे तीन गोष्टी ठेवल्या: ज्याने त्याने आपल्या माणसाला आपल्याच जागेत पुरायचं, चर्च बंद, प्रार्थना उघड्यावर, ककलेट डेल्फ नावाच्या घळीत, आणि गावाची हद्द कोणी ओलांडायची नाही.

गावाने ते मानलं. जवळच्या चॅट्सवर्थ वाड्यातून डेव्हनशरच्या अर्लने, म्हणजे तिथल्या उमरावाने, धान्य पाठवलं. हद्दीवरच्या एका दगडाला सहा भोकं आहेत. त्यांत रोग पसरू नये म्हणून व्हिनेगर घालून नाणी ठेवायची आणि बाहेरच्यांनी आणून ठेवलेला माल न्यायचा. एलिझाबेथ हॅनकॉकने आठ दिवसांत नवरा आणि सहा मुलं स्वतःच्या हाताने पुरली. त्या कबरी आजही गावाबाहेरच्या शेतात आहेत. मॉम्पेसनची बायको कॅथरीन ऑगस्टमध्ये गेली. पॅरिशच्या नोंदवहीवरून सुमारे 260 मृत्यू मोजले जातात.

आता या गोष्टीत पॅरिश कुठली, चर्चची की सरकारी? 1666 साली हा प्रश्नच कोणाच्या डोक्यात आला नसता. पॅरिश एकच होती. मृत्यूंची नोंदवही चर्चमध्ये होती, कारण 1538 साली आठव्या हेन्री राजाचा मंत्री थॉमस क्रॉमवेल याने प्रत्येक पॅरिशला बाप्तिस्मा, लग्नं आणि दफनं लिहून ठेवायला लावलं होतं. सरकारी जन्ममृत्यू नोंदणी सुरू व्हायला 1837 उजाडलं. रस्त्यांची डागडुजी पॅरिशने करायची, हा कायदा 1555 चा. गरिबांसाठी पट्टी गोळा करून ती वाटायची, हा 1601 चा. आणि हे सगळं ठरवायला गाव जमायचं ते चर्चला लागून असलेल्या ‘व्हेस्ट्री’ नावाच्या खोलीत, जिथे धर्मगुरूचा झगा टांगलेला असे. म्हणून त्या सभेचंच नाव व्हेस्ट्री पडलं. गावबंदी करण्याचा कायदेशीर हक्क मॉम्पेसनकडे नव्हता. पण प्रार्थनेला बसणारा गाव आणि कारभाराला बसणारा गाव एकच होता, म्हणून दोन धर्मगुरूंनी एकमुखाने सांगितलेली गोष्ट गावाची झाली. माझ्या मते ईमच्या गोष्टीत त्यागाबद्दल भरपूर लिहिलं जातं, या व्यवस्थेबद्दल फार कमी.

फारकत झाली ती एकोणिसाव्या शतकात, आणि तीही हप्त्याहप्त्याने. 1834 मध्ये गरिबांचा कारभार अनेक पॅरिशांच्या एकत्रित संघाकडे गेला. 1866 मध्ये कायद्याने ठरवलं की जिथे गरीबपट्टी स्वतंत्र गोळा होते, ती जागा सरकारी अर्थाने पॅरिश. यामुळे ईमच्या जुन्या पॅरिशमधली फूलोसारखी वाडी सरकारदरबारी वेगळी पॅरिश झाली. दोन पॅरिशांच्या हद्दी जुळत नाहीत त्याचं मूळ इथे आहे. 1868 मध्ये चर्चपट्टीची सक्ती गेली. चर्चमध्ये पाऊल न ठेवणाऱ्या, वेगळ्या पंथाच्या लोकांनी त्यासाठी अनेक वर्षं झगडा केला होता. शेवटी 1894 च्या कायद्याने गावकारभार व्हेस्ट्रीकडून काढून निवडून आलेल्या पॅरिश कौन्सिलकडे दिला. त्याच कायद्याने विवाहित स्त्रियांनाही या निवडणुकीत मत देण्याची आणि उभं राहण्याची वाट मोकळी झाली. पार्लमेंटसाठी त्यांना अजून चोवीस वर्षं थांबायचं होतं.

आजची पॅरिश कौन्सिल आपल्या ग्रामपंचायतीची बहीण म्हणावी, पण धाकटी. सदस्य चार वर्षांसाठी निवडून येतात, बहुतेकांना मानधन नसतं. अध्यक्ष असतो, पण त्याला सरपंचाचा रुबाब नाही. पगारी माणूस म्हणजे क्लार्क, आणि तोही अनेकदा अर्धवेळ. कामं म्हणजे मुलांचं मैदान, बसथांब्याची शेड, बाकडी, काही ठिकाणी पथदिवे, आणि भाजी लावायला भाड्याने देण्याचे जमिनीचे तुकडे, ज्यांना तिथे अलॉटमेंट म्हणतात. बांधकामाच्या अर्जावर मत देता येतं, निर्णय देता येत नाही. ईममध्ये तो निर्णय पीक डिस्ट्रिक्ट राष्ट्रीय उद्यानाचं प्राधिकरण देतं. पैसा येतो कौन्सिल टॅक्सवर बसवलेल्या छोट्या रकमेतून. बिलातली ती ओळ हीच.

चर्चच्या पॅरिशची समिती म्हणजे पॅरोकियल चर्च कौन्सिल, सगळे नुसतं पीसीसी म्हणतात. ती पहिल्या महायुद्धानंतरची. तिला कर लावता येत नाही. छपराची गळती काढायची असो की बिशपच्या धर्मप्रांताला वाटा द्यायचा असो, भिस्त वर्गणी, देणग्या आणि केक विक्रीवर. सदस्य चर्चच्या यादीत नाव असलेल्यांमधून निवडले जातात. थोडक्यात, खड्ड्याची तक्रार घेऊन इथे यायचं नाही. (खड्डा तर पॅरिश कौन्सिलकडेही न्यायचा नाही, रस्ते काउंटीचे.)

इथवर वाटेल की आपल्या माणसाचा चर्चच्या पॅरिशशी संबंधच संपला. तसं नाही. चर्च ऑफ इंग्लंड हे राजमान्य चर्च असल्याने हद्दीत राहणारा प्रत्येक जण कायद्याने त्या पॅरिशचा रहिवासी, धर्म कोणताही असो. चर्चच्या इमारतीची आणि मालमत्तेची काळजी घेणारे दोन वॉर्डन दरवर्षी निवडतात, त्या सभेत चर्चच्या यादीतल्या लोकांबरोबरच स्थानिक मतदारयादीतल्या रहिवाशांनाही मत असतं. भारतीय नागरिक राष्ट्रकुलातले असल्याने तिथल्या मतदारयादीत नाव घालू शकतात. म्हणजे मंगळवारी गणपतीची आरती करणारा साताऱ्याचा माणूस चर्चचा वॉर्डन निवडायला हात वर करू शकतो. चर्चच्या आवारात जागा शिल्लक असेल तर तिथे पुरलं जाण्याचा हक्कही रहिवाशाला आहे. आपल्याकडे हे सांगितलं की लोक हसतात.

2020 च्या मार्चमध्ये कोरोनामुळे इंग्लंडची चर्चं पुन्हा बंद झाली आणि वर्तमानपत्रांना ईम आठवलं. पण या वेळी निर्णय गावात झाला नव्हता, ना व्हेस्ट्रीत ना कौन्सिलमध्ये. ऑगस्टच्या शेवटच्या रविवारी ककलेट डेल्फमध्ये प्लेगची स्मृतिप्रार्थना होते, ती चर्चची. त्याच सुमारास गावातल्या विहिरींवर फुलांच्या पाकळ्या ओल्या मातीत दाबून चित्रं सजवतात. तो सगळ्या गावाचा उत्सव, आणि त्यात राबणाऱ्या हातांपैकी कुठला कुठल्या पॅरिशचा हे कोणी विचारत नाही.

आता त्या बिलाबद्दल एक दुरुस्ती. ती ओळ चर्चची नाही, हे खरंच. पण दफनभूमी भरली आणि सरकारी आदेशाने बंद झाली, की 1972 च्या कायद्याने पीसीसी तिची देखभाल पॅरिश कौन्सिलच्या गळ्यात घालू शकते. कौन्सिलला नको असेल तर तीन महिन्यांच्या आत ती डिस्ट्रिक्टकडे ढकलते. जमीन चर्चचीच राहते. गवत कापायचं, कुंपणाची भिंत सावरायची, झुकलेले दगड पडू द्यायचे नाहीत, हे काम पंचायतीकडे येतं. तेव्हा ज्या गावात असं झालं असेल, तिथल्या आपल्या माणसाच्या पैशातले काही पेन्स चर्चच्या आवारातल्या गवतावर नक्की जातात.