पुतळा कोणता, बडग्या कोणता?

तान्ह्या पोळ्याला, म्हणजे पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, आमच्या गल्लीतल्या पोट्ट्यांनी पांढऱ्या दाढीचा बडग्या (मिरवून जाळायचा पुतळा) केला. बांबूच्या कमच्या, आत तणस, वर पांढरा सदरा, गळ्यात काळी दोरी आणि हातात घरची प्लास्टिकची बकेट. शेजारची आजी म्हणाली, "कोन होय जी हा बुढा? गुरुजी होय का?" गुरुजी नाही, केएफसी या चिकनच्या दुकानांचा संस्थापक कर्नल सँडर्स. (कर्नल ही केंटकी राज्याने दिलेली मानाची पदवी, फौजेतली नव्हे. आपल्याकडेही वतन नसलेले पाटील असतातच.) एक बारकं पोट्टं म्हणालं, "हा तं दुकानासमोर उभा रायते, त्याले जाळता कायले?"

पोट्ट्याचं चुकलं नव्हतं, दिसायला दोन्ही सारखेच. पण दुकानातला पुतळा गिऱ्हाईक आत ओढतो, बडग्या इडापिडा शिवेबाहेर नेतो. नागपुरात काळी मारबत (इडापिडा घेऊन जाणारी बाईची मोठी प्रतिमा) १८८१ पासून आणि पिवळी १८८५ पासून निघते. बडग्या मात्र दरसालचा नवा, ज्याचा राग आला त्याचा.

पुतळ्याची करामत जपानात पाहावी. केएफसी तिथे १९७० मध्ये गेली आणि १९७४ मध्ये 'नाताळला केंटकी' अशी जाहिरात केली. ख्रिस्ती लोक तिथे शंभरात एखाददुसरा, तरी आगाऊ नोंदवलेलं चिकन न्यायला डिसेंबरात रांगा लागतात आणि कर्नल सांताच्या कपड्यात दाराशी उभा! आपण पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलांना म्हणतो, "आज आवतन घ्या, उद्या जेवायला या." तिथे आवतन कंपनीने दिलं, आणि माणसं दरसाल जेवायला येतात.

खरी गंमत १९८५ची. ओसाकात हानशिन टायगर्स या बेसबॉल संघाच्या चाहत्यांनी जिंकल्याच्या जल्लोषात कर्नलचा पुतळा उचलून दोतोनबोरी कालव्याच्या पाण्यात फेकला, कारण त्याची दाढी त्यांच्या लाडक्या अमेरिकन खेळाडूसारखी, रँडी बाससारखी होती. पाहणाऱ्याला वाटेल, बडग्याच बुडवला. पण "घेऊन जा गे मारबत" कोण म्हणणार? त्या वर्षीचं जपानचं अजिंक्यपद मिळालं, पुढचं थेट २०२३ मध्ये. मधल्या काळात लोक त्याला कर्नलचा शाप म्हणत. पुतळा २००९ मध्ये गाळातून निघाला, चष्मा आणि डावा हात नसलेला.

आमचा कर्नल शिवेवर पाच मिनिटांत जळला. पेटवायच्या आधी एकाची माय धावत आली आणि त्याच्या हातातली बकेट ओढून घेऊन गेली.