नभोवाणीवरील विनोदी लेखक-कलावंत (गोवा)

पणजी आकाशवाणीसाठी विनोदी श्रुतिका, प्रहसने आणि घरगुती संवाद लिहिणारा व बहुधा स्वतःच सादर करणारा कलावंत. गोव्यात हा पोटापाण्याचा धंदा क्वचितच झाला. दिवसा शाळेत किंवा सरकारी कचेरीत नोकरी आणि ध्वनिमुद्रण असेल त्या दिवशी आकाशवाणी केंद्र असलेल्या आल्तिनो टेकडीची चढण, असाच त्याचा क्रम असे. श्रोते त्याला आवाजाने ओळखत, नावाने फार थोडे.

पोर्तुगीज अमदानीत ‘एमिसोरा द गोवा’ हे केंद्र चाले. डिसेंबर १९६१ च्या लष्करी कारवाईत भारतीय विमानांनी बांबोळीच्या प्रक्षेपण केंद्रावर बॉम्ब टाकले आणि ते बंद पडले. मुक्तीनंतर आकाशवाणी आली. तिला विनोदी नट शोधत फिरावे लागले नाही, कारण जत्रेच्या रात्री देवळाच्या आवारात हौशी मंडळींनी मराठी नाटक करायचे ही गोव्याची जुनी रीत. उत्तर गोव्यात पेडण्याकडे दशावतारातला संकासूर राक्षस वेद चोरता चोरता गावातल्या चालू भानगडींवरही बोलून घेतो. १८९२ मध्ये मुंबईत सुरू झालेल्या तियात्राने, म्हणजे कोकणी संगीत नाटकाने, तर विनोदी नटाला नायकाच्या तोडीचे स्थान दिले.

या सगळ्यांना स्टुडिओत आल्यावर एकच अडचण पडे. तियात्रात नट वाक्य टाकून हशा ओसरेपर्यंत थांबतो. इथे समोर मायक्रोफोन, काचेपलीकडे निर्माता आणि हसायला कोणी नाही. किती थांबायचे हे अंदाजाने ठरवायचे. जास्त थांबले तर श्रोत्याला वाटते, नट वाक्य विसरला. तोंड वेंगाडणे, धोतरात पाय अडकणे ही हुकमी हत्यारे निकामी. पात्राचे नाव पहिल्या दोन-तीन वाक्यांत कोणाच्या तरी तोंडी आले पाहिजे, आणि एकाच पट्टीचे दोन आवाज एका प्रसंगात नकोत. संहितेची पाने सुटी धरायची, नाहीतर उलटताना सळसळ मुद्रित होते. अशा बारकाव्यांतच बरेच जत्रेतले पट्टीचे विनोदवीर गळत.

प्रवेश ऑडिशनने होई. नाट्यकलावंतांना बी, बी-हाय, ए आणि टॉप अशा श्रेणी मिळतात. मानधन श्रेणीनुसार, प्रत्येक कार्यक्रमाच्या करारावर. संहिता आधी तपासली जाते. आकाशवाणीच्या प्रसारण संहितेनुसार कुठल्या राजकीय पक्षावर नाव घेऊन हल्ला चालत नाही. धर्म वा जमातीवरील टीका, बदनामीकारक मजकूरही नाही. त्यामुळे विनोदाने व्यक्ती सोडून नमुने पकडले: भाटकार (जमीनदार), मुंडकार (त्याच्या जमिनीवर घर करून राहणारे कूळ), गावचा पंच, आखातातून सुटीवर आलेला जावई, सुट्या पैशांवरून हुज्जत घालणारा बस कंडक्टर. या कुंपणाने राजकीय उपहासाचे नुकसान केले हे खरे, पण भाटकार-मुंडकाराची जोडी गोवेकराला कोणत्याही मंत्र्याइतकीच जवळची होती.

मराठी श्रोत्यांपुढे नमुना होता तो मुंबई केंद्रावरच्या ‘पुन्हा प्रपंच’चा. बाळ कुडतरकर, नीलम प्रभू आणि प्रभाकर जोशी यांनी पंत, मीनावहिनी व टेकाडे भावजी ही माणसे घराघरांत नेली. गोव्यातल्या लेखकाच्या हाती मात्र आणखी एक गोष्ट होती, दोन भाषा. कचेरीतला बाबू पुस्तकी मराठीत सांगणार, ‘‘आपला अर्ज विचाराधीन आहे,’’ आणि समोरचा शेतकरी विचारणार, ‘‘म्हळ्यार, जातलें काय ना?’’ (म्हणजे, होणार की नाही?) पेडण्याची मालवणीकडे झुकणारी बोली, दक्षिण गोव्यातल्या साष्टीची पोर्तुगीज शब्दांनी भरलेली कोकणी, पाठ्यपुस्तकी मराठी, यांच्या नुसत्या टकरीवर अर्धी श्रुतिका निघे. गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा की नाही यावरच्या १९६७ च्या जनमत कौलाच्या आसपास मराठी आणि कोकणी या भाषांवरून घरे तापली होती. त्या दोन्ही एकाच स्वयंपाकघरात भांडताना ऐकवणे ही या विनोदाची सर्वांत मोठी कमाई मानावी लागेल.

आकाशवाणीत टेप पुसून पुन्हा वापरण्याची पद्धत होती, म्हणून या प्रकाराचा अभ्यास करणाऱ्याला जुन्या श्रोत्यांच्या आठवणींचाच आधार घ्यावा लागतो. खासगी एफएम वाहिन्या आल्यावर विनोद दोन गाण्यांमधल्या मिनिटभरात आला. लेखक, नट आणि निवेदक ही तिन्ही कामे आता एकच आरजे (रेडिओ जॉकी) करतो, श्रुतिकेची रचना त्याला लागत नाही. त्याला दरमहा पगार असतो. करारावर बोलावलेल्या आकाशवाणीच्या कलावंताला तो नव्हता.